कोनाड्यातले मूठभर पीठ

जात्यातून नुकत्याच सांडलेल्या बाजरीच्या पिठाला एक वास असतो. किंचित कोमट, किंचित दगडी, आणि कडेकडेने धुरकट गोड. गिरणीच्या पिठाला तो येत नाही. गिरणीचे पीठ तापलेले असते, कोमट नसते. लहानपणी आईच्या मांडीला टेकून जिने दळण ऐकले आहे, तिला हा फरक डोळे मिटूनही कळतो. मला कळत होता. आणि ज्या घरात तो वास रोज सकाळी सातच्या सुमारास येई, त्या घरात जाते नव्हते, बाजरी नव्हती... आणि ते घर बांधून पुरते वर्षही झाले नव्हते.

माझे वडील साताऱ्याला शाळेत संस्कृत शिकवत. ते म्हणत, भुते दोनच ठिकाणी राहतात – जिथे दिवा कमी असतो तिथे आणि जिथे विचार कमी असतो तिथे. त्यांनी मला वृत्ते शिकवली, मात्रा बोटांवर मोजायला शिकवले, आणि जे मोजता येत नाही त्याच्याविषयी गप्प राहायलाही शिकवले. त्यामुळे या सदरात येणाऱ्या हकिकती मी आजवर पोळ्या लाटता लाटता वाचल्या आणि बाजूला ठेवल्या. आज स्वतः लिहीत आहे, ते कोणाला घाबरवण्यासाठी नव्हे. हे निवेदन म्हणजे तक्रार आहे. मला भूत भेटले असते तर मी ते सहन केले असते. मला चोर ठरवण्यात आले, आणि तेही माझ्याच ओळींची.

स्वातंत्र्य मिळून आठ-नऊ वर्षे झाली होती. पिंपरीच्या माळावर एक नवा कारखाना उभा राहिला, आणि त्याच्या भांडारात आमच्या ह्यांना कारकुनाची नोकरी लागली. कारखान्यामागे क्वार्टरांच्या चार ओळी होत्या. आमची क्वार्टर चौथ्या ओळीत, अगदी शेवटची. पलीकडे तारेचे कुंपण, त्यापलीकडे हरभऱ्याची शेते, आणि दूर पवनेकाठच्या झाडांची गडद रेघ. पुढे एक खोली, मागे स्वयंपाकघर, मध्ये एक भिंत. बाहेरच्या भिंती भाजक्या विटांच्या होत्या. मधली मात्र ठेकेदाराने कच्च्या विटांची उभारून वरून मातीचा गिलावा दिला होता. आतले कोण पाहते, असा त्याचा विचार असावा.

ती भिंत जिवंत होती. ‘जणू’ हा शब्द मी विचारपूर्वक गाळला आहे. सकाळी तिला हात लावला तर रवंथ करणाऱ्या गाईच्या कुशीसारखी ऊब लागे. दुपारी ती निवे. श्रावणात कॅलेंडरसाठी ठोकलेला खिळा तिने पंधरा दिवसांत हलक्या हाताने काटा काढावा तसा बाहेर काढून दिला. त्या खिळ्याच्या जागी एक खळगा पडला. भाद्रपदात त्यात माझी मूठ मावू लागली, आणि दसऱ्यापर्यंत तिथे चांगला पणती ठेवण्याजोगा कोनाडा तयार झाला. वरच्या कमानीला काजळी होती. आमच्या घरी विजेचा दिवा होता. पणती मी तिथे एकदाही लावलेली नव्हती.

आणखी एक सांगते. रात्री विरजण लावून दुधाचे भांडे मी त्या कोनाड्यात ठेवू लागले, तर सकाळी दूध जसेच्या तसे. नासलेले नाही, लागलेले नाही. मी सोडले होते तितकेच कोमट. तेच भांडे ओट्यावर ठेवले की दही कवडीसारखे घट्ट. त्या चतकोर जागेत रात्र होऊन गेलेलीच नसे. दुसरे कसे म्हणू?

आणि ते पीठ. रोज सकाळी कोनाड्यात मूठभर बाजरीचे पीठ पडलेले असे, त्यावर चार बोटांच्या खुणा. मला संताप येई. मी सारवलेल्या, पुसलेल्या स्वयंपाकघरात हे कोण आणून टाकते? शेजारच्या मालतीबाईंना विचारले, तर त्या सुपातले तांदूळ पाखडता पाखडता म्हणाल्या, “अहो, फुकट पीठ मिळतंय तर भाकरी थापा. आमच्या भिंतीतून मेले मुंगळे तेवढे येतात.”

मी भाकरी थापली नाही. ते पीठ मी रोज केरात टाकले. तीन महिने.

त्यातच एकदा ज्याने भिंत बांधली त्या धोंडिबा गवंड्याला बोलावले. तो पलीकडच्या ओळीत काम करत होता. कोनाड्यात हात घालून त्याने आतून चाचपले, आणि हात चटकन काढून धोतराला पुसला.

“ह्यो म्या केल्याला न्हाई, बाई. वळंबा लावून भिंत उचलली व्हती.”

“मग काय आपोआप झाला?”

“आपोआप तर माजी इडीबी पेटत न्हाई,” तो म्हणाला. मग उंबऱ्यावर बसून, माझ्याकडे न पाहता, “ठेकेदाराला म्या बोललो व्हतो. न्हाई ऐकलं. रहाटणीकडं नदीच्या अंगाला आमची जुनी पांढर हाय. पिलेगात गाव उठलं, मानसं वर माळाला गेली, घरं बसली. तितली माती आनली त्यानं ह्या इटांना. पांढरीची माती शेतात घालावी, पीक जोमात येतं. भितीत घालू न्हाई.”

“का?”

“ऐकल्याली माती हाय ती.”

“कुणाचं ऐकलेली?”

“मानसांचं,” तो म्हणाला, जणू मी फारच बाळबोध प्रश्न विचारला होता. “किती पिढ्या बोलल्यात तिच्यात.”

पांढर म्हणजे गाव वसलेली जागा. घरे उभी राहतात, पडतात, त्यांच्याच मातीवर पुन्हा उभी राहतात, आणि ती माती राखेसारखी पांढुरकी होते, एवढे मला ठाऊक होते. बाकीचे मी धोंडिबाच्या विडीच्या धुराबरोबर सोडून दिले आणि कारखान्याच्या ऑफिसात रीतसर अर्ज दिला – भिंतीस आपोआप कोनाडा पडत असून त्यात पीठ साठते, तरी सिमेंटचा गिलावा करून मिळावा. तिथले कारकून अर्ज वाचून हसले. “बाई, लोक अर्जावर अर्ज करतात तरी त्यांना साधी फळी मिळत नाही, आणि तुम्हाला आपोआप कोनाडा मिळतोय.” अर्ज फायलीत गेला. मी दर आठवड्याला स्मरणपत्र देत राहिले. या अर्जाचे पुढे काय झाले ते सांगेनच; त्याबद्दल राग मला ऑफिसचा नाही, माझा स्वतःचा आहे.

आता मूळ गोष्ट. मी कविता करते. कागदावर नंतर, आधी तोंडाने. कणीक तिंबताना मनगटांना जी लय सापडते तीत शब्द आपोआप बसतात. माझा ओटा त्या भिंतीला लागून होता, म्हणून मी जे काही म्हणे ते भिंतीकडे तोंड करून. कार्तिकातल्या एका सकाळी हे नुकतेच सायकल काढून बाहेर पडले होते, आणि मला ओळ सुचली –

ओंजळीत माझ्या पाणी, त्यात आभाळ मावलं
सांगू कोणाला मी सये...

एवढ्यात कारखान्याचा भोंगा झाला, आणि माझे लक्ष ओट्यावर गेले. ह्यांचा डबा तिथेच. मी मोठ्याने म्हणाले, “भोंगा झाला, डबा राहिला!” आणि पिठाच्या हातांनीच डबा घेऊन धावत सुटले. ओळ तिथेच तुटली. पुढचा चरण मला त्या रात्री पुढच्या खोलीत, टेबलावर, कागदाशी बसल्यावर मिळाला, आणि तो मी लिहिला. तोंडाने एकदाही म्हटला नाही. ही बारीकशी गोष्ट वाचकांनी कृपया लक्षात ठेवावी. माझी सारी अब्रू तिच्यावर टांगलेली आहे.

पुण्याच्या एका मासिकाच्या संपादकांनी माझ्या वीस कवितांची पुस्तिका काढण्याचे कबूल केले होते. ते माझे पहिले पुस्तक झाले असते. एकविसावी म्हणून मी ही पाठवली. तीन आठवड्यांनी एकवीसच्या एकवीस कविता साभार परत आल्या, आणि सोबत एक पत्र. त्यातले शब्द मला पाठ आहेत. “आपल्या कवितेतील आरंभीचा दीड चरण ही मावळातील जात्यावरची ओवी असून, आमच्या एका संग्राहक मित्रांनी ती महायुद्धापूर्वीच उतरवून घेतलेली आहे. तिला स्वतःचा अर्धा चरण जोडून आपण ती आपली म्हणून धाडावी, याचे वाईट वाटले. उरलेल्या वीस कवितांविषयीही आता खात्री देता येत नाही.”

मला त्यांचे वाईट वाटणेसुद्धा सहन झाले नाही. मी विचारलेले नसताना त्यांनी मला माफ करून टाकले होते.

ते पत्र वाचून आमचे हे म्हणाले, “अगं, एखादी ओळ कुठेतरी ऐकलेली असते, मनात राहून जाते. त्यात एवढं काय?” मी म्हटले, “तुमच्या भांडारातला माल कमी भरला आणि कुणी म्हणालं, नेला असेल चुकून, त्यात एवढं काय... तर?” त्यांनी पत्राची घडी करून ते माझ्यापुढे ठेवले. पुढच्या अंकात संपादकांनी ‘पिंपरीच्या एका कवयित्री’ असा उल्लेख करून टीप छापली. पिंपरीत कवयित्री किती होत्या? कॉलनीच्या हळदीकुंकवाला मालतीबाईंनी वाण देता देता सगळ्यांदेखत विचारले, “काय हो, ह्या महिन्यात कुणाची ओवी?” हशा झाला. मी हातातला तिळगूळ तसाच खाली ठेवून घरी आले.

संपादकांना मी एकच ओळ लिहिली – तुमच्या संग्राहक मित्रांच्या वहीतले ते पान पाहायला हवे. इतके सौजन्य त्यांनी दाखवले. पान उतरवून पाठवले. कागद उलगडला तेव्हा मी स्वयंपाकघरात उभी होते.

वंजळीत माज्या पानी, त्यात आभाळ मावलं
सांगू कुनाला मी सये, भोंगा झाला, डबा ऱ्हायला

खाली संग्राहकांची टीप – “भोंगा: स्थानिक ग्रामदेवता असावी. डबा: अर्थ लागत नाही. शेवटचा चरण छंदात बसत नाही. तरी सर्व बायका असाच म्हणतात.” आणि सांगणारीचे नाव: गऊबाई, रहाटणी.

मी खाली बसले. पाटावर नाही, जमिनीवरच. महायुद्धापूर्वी या माळावर कुसळे होती, मेंढ्या होत्या. भोंगा नव्हता. ही वही खरी असेल तर माझी ओळ जुनी होती, आणि ती जुनी असेल तर तिच्यात माझ्या नवऱ्याचा डबा कसा?

दुसऱ्या दिवशी हे कामावर गेल्यावर धोंडिबाला घेऊन मी रहाटणीला निघाले. नदी उतारातून ओलांडली. पाणी पोटरीपर्यंत, बर्फासारखे. धोंडिबा सारखा म्हणत होता, “म्हातारी लई बोलती बगा. एकडाव सुरू झाली की दावं लावून बांधावी लागती.” आम्ही पोचलो तेव्हा गऊबाई अंगणात उन्हाला बसून शेंगा फोडत होत्या. सत्तरी ओलांडलेली असावी. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, दुधाच्या थेंबांसारखे. त्यांची सून आतून ओरडली, “आत्याबाई, कोन आलंय? पुन्यासनं कुनी आलं का परत गानी लिवायला? येकदा च्या पिऊन गेलं, लुगडं धाडतो म्हनलं, अजून वाट बगतोय.”

मी ओवीविषयी विचारले. गऊबाईंनी शेंगांवरचा हात न थांबवता ती म्हटली. त्या थकलेल्या गळ्यात माझी लय होती. माझ्या मनगटांची.

“भोंगा म्हणजे काय, आजी?”

“आमाला काय ठावं? सासू म्हनायची तशी म्या म्हनले. माजी नंद म्हनायची, पाखरू आसंल. सासू म्हनायची, द्येव आसंल, नाव घ्यावं, इचारू न्हाई.” त्या हसल्या. “सासूला इचारल्यालं कुठलंच चालायचं न्हाई.”

“आणि तुमच्या सासूबाईंना कुणी शिकवली?”

हात थांबला. “शिकवल कोन? भितीतनं यायची. म्या नवी नवरी व्हते, पांढरीतल्या घरात. पहाटं दळायला बसलं की कोनाड्याच्या अंगानं बाईमानूस बोलायचं. बामनी बोलनं, तुमच्यावानी. पयल्या दिशी म्या जात्याचा खुटा सोडून पळाले. सासू म्हनली, भ्याची न्हाई. एकलीच हाय, बोलाया कुनी न्हाई तिला, म्हनून गाती.”

धोंडिबाने विडी विझवली.

“मग आमी दळन झालं की पयली मूठ तिला ठिवायचो. कोनाड्यात. सासू म्हनायची, घरात बाई गाती आन उपाशी ऱ्हाती, बरं दिसत न्हाई.” गऊबाई जरा थांबल्या. “रोज सपायचं पीठ. म्हंजी घ्येत आसंल.”

ते कुठे जात होते ते मला ठाऊक होते. सुपलीने गोळा होऊन कॉलनीच्या उकिरड्यावर.

मी दुपारी घरी परतले ते एकच ठरवून, की उद्या सकाळी त्या पिठाची भाकरी थापायची. दारातच ओल्या सिमेंटचा वास आला. ऑफिसची माणसे येऊन गेली होती. इतक्या स्मरणपत्रांनंतर माझा अर्ज नेमका त्या दिवशी मंजूर झाला होता. मी ठेवून गेलेल्या किल्लीने मालतीबाईंनी दार उघडून दिले होते, आणि वर मला म्हणाल्या, “झालं एकदाचं तुमचं काम.” भिंत करडी, सपाट, गार. मी नखांनी उकरायचा प्रयत्न केला. वरचा थर अजून ओला होता, तो निघाला. खाली मात्र काहीच नव्हते. कोनाडा गेला होता. त्यानंतर वास आला नाही, पीठ आले नाही, आणि विरजण कुठेही ठेवले तरी मुकाट्याने लागू लागले.

संपादकांना मी सारे लिहिले. त्यांचे उत्तर आले नाही. आज तीन वर्षांनीही त्या मासिकाच्या टिपेत माझ्या माथी चोरीच आहे, आणि मी ती खोडून काढू शकत नाही, कारण माझ्या बाजूने साक्ष द्यायला एक भिंत होती, आणि तिचे तोंड मी स्वतः अर्ज करून बंद करवले. झाले ते कसे झाले याचा उलगडा मला नाही. ओवी मी रचली म्हणून त्यांनी म्हटली, की त्यांनी म्हटली म्हणून ती माझ्या मनगटांत आली, हेही आता मी छातीठोकपणे सांगत नाही. फक्त भोंग्याला ग्रामदेवता म्हणणाऱ्यांनी मला प्रामाणिकपणा शिकवू नये, एवढेच माझे म्हणणे आहे.

एक गोष्ट मात्र संपादकांना लिहिली नाही. रहाटणीहून निघताना मी गऊबाईंना विचारले, “ती ओवी नेहमी तिथेच तुटायची?”

“हितंच. फुडचं कंदी आलंच न्हाई. लई वाट बगितली. मग पिलेग आला, घर सुटलं.”

तेव्हा मी त्यांच्यासमोर खाली बसले आणि पहिल्यापासून म्हटले, आणि जो चरण मी कधी तोंडाने म्हटला नव्हता तो त्या अंगणात प्रथमच मोठ्याने म्हटला –

ओंजळीत माझ्या पाणी, त्यात आभाळ मावलं
सांगू कोणाला मी सये, माझं अंगण हरवलं

सून आतून बाहेर येऊन दाराशी उभी राहिली. गऊबाईंच्या मांडीवरच्या शेंगा खाली घरंगळल्या. त्यांनी हात पुढे केला, माझी हनुवटी चाचपली, मग गळा, जिथून आवाज येतो तिथे बोटे टेकवली. ती चार बोटे मी ओळखत होते. तीन महिने रोज सकाळी मी ती पिठात उमटलेली पाहिली होती. ती नितळ नसलेली बुबुळे माझ्याकडे वळली, आणि म्हाताऱ्या आवाजात, नव्या नवरीने भीत भीत विचारावे तसे, त्या म्हणाल्या –

“जेवलीस?”